संशयाचा फायदा सिनेमाला

साताऱ्यातल्या यादोगोपाळ पेठेतल्या एका मित्राच्या माडीवर आम्ही दहा-बारा जण महिन्यातून एकदा जुने सिनेमे बघतो. भिंतीला पांढरी चादर, उसना प्रोजेक्टर, मध्यंतरात चहा आणि कंदी पेढे. गेल्या खेपेला कुब्रिकचा 'द शायनिंग' लावला होता: हिवाळ्यात बंद असलेलं एक हॉटेल, आणि बायको-मुलाला घेऊन त्याची राखण करायला आलेला जॅक. बायकोने बॅटने हाणून जॅकला कोठीच्या खोलीत कोंडलंय, बाहेरून कडी घातलीय, आणि तो दाराला टेकून पलीकडच्या कुणाशी तरी बोलतोय. नेमकं इथे आमच्यातल्या एका तरुण इंजिनियरने सिनेमा थांबवला, उठून चादरीपाशी गेला आणि जॅकच्या मागच्या फळीवरच्या डब्यावर बोट ठेवलं. 'कॅल्युमेट' बेकिंग पावडर. कॅल्युमेट म्हणजे अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांची शांततेची चिलीम. त्याच्या हाताची सावली जॅकच्या तोंडावर पडली होती. दहा मिनिटं झाली तरी डबा काही संपेना. शेवटी मागच्या खुर्चीवर बसलेल्या मित्राच्या आई म्हणाल्या, "अरं फुडं लावा की. त्यो आत कोंडलेला मानूस सुटतुय का न्हाई त्ये बगू द्या!"

सिनेमा संपल्यावर भांडण झालं, आणि ते इतकं वाईट झालं की त्यावर लिहायची वेळ आली. एका बाजूला निवृत्त शिक्षक. त्यांचं म्हणणं, हे सगळं उगाच किस पाडणं आहे, पडद्यावर दिसतं तेवढं बघा आणि घरी जा. दुसऱ्या बाजूला तरुण मंडळी. त्यांचं म्हणणं, कलाकृतीचा अर्थ ज्याचा त्याचा, त्यामुळे प्रत्येक फॅन थिअरी, म्हणजे चाहत्यांनी सिनेमातून हुडकलेला दडलेला अर्थ, आपापल्या जागी बरोबर. दोन्ही पक्ष एकमेकांवर तुटून पडले, पण एका गोष्टीवर दोघांचं एकमत होतं: थिअरी मांडणारे सिनेमा फार बारकाईने बघतात. गुरुजींच्या मते नको तितक्या, तरुणांच्या मते हव्या तितक्या. माझं म्हणणं नेमकं उलटं आहे. हे लोक सिनेमा कमी बघतात. डबा पाहिला की दार दिसत नाही. त्या प्रसंगात डब्यापेक्षा मोठी गोष्ट पुढच्याच क्षणी घडते, बाहेरची कडी सरकल्याचा आवाज येतो. आणि आम्ही नेमके त्याच्या आधी थांबलो होतो.

आधी थिअरीवाल्यांचं देणं देऊन टाकतो. जॉन कारपेंटरचा 'द थिंग', माणसांची हुबेहूब नक्कल करणाऱ्या परग्रहावरच्या जनावराचा सिनेमा, २५ जून १९८२ ला आला. त्याच दिवशी 'ब्लेड रनर' आला, आणि दोन आठवड्यांपूर्वी आलेल्या स्पीलबर्गच्या 'ई.टी.'ने, परग्रहावरच्या त्या गोड बाळाने, सगळी थिएटरं अडवलेली होती. 'द थिंग' आपटला, समीक्षकांनी वाभाडे काढले. आज त्याला अभिजात म्हणतात, ते शेवटच्या दृश्यात बर्फात बसलेल्या दोघांपैकी कोण माणूस आणि कोण नाही यावर चाळीस वर्षं वाद घालणाऱ्यांमुळे. समीक्षकांनी टाकलेलं पोर चाहत्यांनी वाढवलं. दुसरं असं, की कुब्रिकसारखा दिग्दर्शक एकेका शॉटचे डझनावारी टेक घेत असे. अशा माणसाच्या चौकटीत एखादा डबा चुकून येत नाही, हा युक्तिवाद हसण्यावारी नेण्यासारखा नाही. २०१२ च्या 'रूम २३७' या माहितीपटात 'शायनिंग'वरच्या अशा थिअऱ्या मांडणाऱ्यांचे आवाज ऐकले की वाटतं, इतकी माया आपण कुठल्या सिनेमावर केली?

पण डबा मुद्दाम ठेवला, एवढ्यावरून त्याला गुपित सांगायचं आहे असं होत नाही. हॉटेलच्या मॅनेजरच्या खोलीत एक खिडकी आहे. हॉटेलचा नकाशा मनात मांडून पाहिला तर ती तिथे असूच शकत नाही, कारण तिच्या मागे इमारत आहे. या खिडकीवर पानंच्या पानं लिहिली गेली. कुब्रिकबरोबर काम केलेले निर्माते यान हार्लान यांनी नंतर सांगितलं की आतली जागा जुळू नये, प्रेक्षकाला आपण कुठे आहोत ते कळू नये, असंच ठरवलेलं होतं. म्हणजे खिडकी मुद्दामच होती, फक्त ती कुठला संकेत देत नव्हती, पायाखालची जमीन काढून घेत होती. तुमच्या घरात रोजच्यापेक्षा एक पायरी जास्त लागली तर काय होईल? तुम्ही तिचा अर्थ शोधाल की आधी दचकाल?

आता दोन थिअऱ्या शेजारी ठेवून पाहू. पहिली म्हणे चंद्राची. अपोलो ११ चं चित्रण कुब्रिकने स्टुडिओत केलं आणि 'शायनिंग' हा त्याचा कबुलीजबाब. पुरावा काय? जॅकच्या मुलाच्या, डॅनीच्या अंगातल्या स्वेटरवर अपोलो ११ चं यान विणलेलं आहे, आणि कादंबरीतली २१७ नंबरची खोली सिनेमात २३७ झाली, कारण चंद्र २ लाख ३७ हजार मैलांवर. दुसरी थिअरी पत्रकार बिल ब्लेकमोर यांनी १९८७ मध्ये मांडली. सिनेमा वरवर भुताचा, आतून अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या संहाराचा. तिचा सुरुवातीचा पुरावा म्हणजे आमच्या इंजिनियरचा तोच डबा. गुरुजींच्या लेखी दोन्ही सारखाच किस, तरुणांच्या लेखी दोन्ही सारखंच सत्य. पण मग कुठली थिअरी बरी आणि कुठली वाईट हे ठरवायला मोजमापच नाही का?

मोजमाप आहे, आणि ते आमच्याच जिल्ह्यात आहे. माझं आजोळ वाईचं. तिथल्या प्राज्ञपाठशाळेत केवलानंद सरस्वतींनी सात खंडांचा मीमांसाकोश सिद्ध केला. मीमांसा म्हणजे वाक्याचा अर्थ कसा ठरवायचा याचं शास्त्र. एखाद्या ग्रंथाचं तात्पर्य काय, यावर शतकानुशतकं डोकी फोडून घेतलेल्या लोकांनी शेवटी एका श्लोकात कसोट्या बांधल्या:

उपक्रमोपसंहारावभ्यासोऽपूर्वता फलम् ।
अर्थवादोपपत्ती च लिङ्गं तात्पर्यनिर्णये ॥

आरंभ आणि शेवट काय सांगतात, मधे पुन्हा पुन्हा काय येतं, नवीन काय सांगितलंय, परिणाम काय होतो, नुसती सजावट कुठली, आणि सगळं एकमेकाला धरून आहे का. बस. यज्ञाच्या वाक्यांसाठी घडवलेली ही हत्यारं सिनेमाला लावली तर काही बिघडत नाही, उलट चांगली धार लागते.

ब्लेकमोरच्या थिअरीला लावून बघा. आरंभाला हॉटेलचा मॅनेजर जॅक आणि त्याच्या बायकोला सांगतो, बांधकाम १९०७ मध्ये सुरू झालं, ही जागा मूळ रहिवाशांच्या दफनभूमीची मानतात, आणि बांधताना त्यांचे काही हल्लेही परतवावे लागले. हे वाक्य स्टीफन किंगच्या कादंबरीत नाही, सिनेमात मुद्दाम घातलंय, म्हणजे अपूर्वताही आली. मधे सगळ्या हॉटेलभर त्याच लोकांची नक्षी, भिंतीवर आणि खाली गालिच्यांवर. शेवटी कॅमेरा सरकत सरकत एका जुन्या फोटोवर थांबतो, तारीख ४ जुलै १९२१, अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन. डबा काढून टाकला तरी ही थिअरी उभी राहते, म्हणून ती ऐकण्याजोगी. चंद्रवाल्यांचं तसं नाही. स्वेटर काढला की उघडं पोर राहतं. आरंभी चंद्र नाही, शेवटी नाही. आणि २३७ चं म्हणाल तर बाहेरून दाखवलेलं हॉटेल म्हणजे ओरेगनमधलं टिंबरलाइन लॉज, त्यांनीच विनंती केली की आमच्याकडे २१७ नंबरची खोली आहे, सिनेमा पाहून तिच्यात कुणी राहायचं नाही, नंबर बदला. शिवाय चंद्राचं सरासरी अंतर २ लाख ३९ हजार मैलांच्या जवळ जातं. स्वेटर हा अर्थवाद झाला, सजावट. मीमांसकांनी ज्या चुकीबद्दल बजावलं ती हीच, अर्थवादाला विधी, म्हणजे मुख्य आज्ञा, समजण्याची.

इथे जाणता वाचक मला अडवील. हाच श्लोक टिळकांनी 'गीतारहस्या'च्या पहिल्या प्रकरणात घेतला होता. मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात बसून त्यांनी आधीच्या भाष्यकारांना धरलं, की तुम्ही आपापल्या संप्रदायाचा चष्मा लावून गीता वाचलीत. मग याच कसोट्या लावल्या आणि त्यांना काय सापडलं? कर्मयोग. जो त्यांना हवाच होता. तेव्हा कसोट्या लावूनही माणूस आपलंच म्हणणं हुडकून काढतो, मग त्यांचा उपयोग काय? आक्षेप खरा आहे, आणि तो मी पूर्ण परतवू शकत नाही. पण एक फरक बघा. १९१५ मध्ये 'गीतारहस्य' आल्यावर ज्यांना ते पटलं नाही त्यांना टिळकांशी भांडता आलं. अर्जुन लढायला नकार देतो हा आरंभ आणि लढायला उभा राहतो हा शेवट, या बांधणीचं काय करायचं, हा प्रश्न विरोधकालाही सोडवावा लागला. चंद्रवाल्याशी भांडताच येत नाही. त्याला म्हणा स्वेटर योगायोगाने आला, तो म्हणेल हेच तर लपवायचं होतं. ज्याच्याविरुद्ध पुरावाच संभवत नाही त्याला आम्हा वकिलांच्या कोर्टात युक्तिवाद म्हणत नाहीत.

मग सरळ दिग्दर्शकालाच का विचारू नये? गुरुजींचं हे ठेवणीतलं अस्त्र. त्यांना मी १९२० चा 'डॉ. कॅलिगारी' सांगितला. त्यात शेवटी कळतं की गोष्ट सांगणारा वेड्यांच्या इस्पितळातला रुग्ण आहे. दोघा लेखकांपैकी हान्स यानोवित्सने पुढे लिहून ठेवलं की ही चौकट आमची नव्हे, आम्ही सत्तेच्या वेडेपणावर लिहिलं होतं, चौकट वरून लादून त्याचं वाटोळं केलं. त्यावर विसंबून सीगफ्रीड क्रॅकॉअरने १९४७ मध्ये आख्खा ग्रंथ उभारला, कॅलिगारीपासून हिटलरपर्यंतचा. कित्येक वर्षांनी मूळ पटकथेची प्रत उजेडात आली. तिच्यात चौकट होती! सिनेमातल्यापेक्षा वेगळी, पण होती. लेखक खोटं बोलला असेल असं नाही, माणूस आपलीच जुनी केस आठवताना काय काय घालतो ते मी साक्षीदारांच्या पिंजऱ्यात तीस वर्षं बघतोय. आणि सिनेमाचा कर्ता नेमका कोण? 'शायनिंग'ची कादंबरी किंगने लिहिली, सिनेमा कुब्रिकने केला, किंगला तो आवडला नाही. कुणाची सही चालायची?

सगळ्यात ताकदीची थिअरी मात्र वेगळीच आहे, आणि सातारकर म्हणून ती मला जास्त जवळची वाटते: भूतबीत काही नाही, सगळं त्या माणसाच्या डोक्यात. 'शायनिंग'मध्ये ती बराच काळ टिकते. जॅक भुतांशी बोलतो तिथे आसपास बहुतेक वेळा आरसा असतो, तेव्हा तो स्वतःशीच बोलतोय असं म्हणायला जागा आहे. पण कोठीच्या खोलीत आरसा नाही आणि कडी बाहेरून आहे. मिशेल सिमाँ या समीक्षकाशी बोलताना कुब्रिकने स्वतःच म्हटलंय की ती कडी सरकेपर्यंत दुसरा खुलासा शक्य असतो, त्यानंतर नाही. त्याने म्हटलं म्हणून घेऊ नका, कडी ऐकू येते म्हणून घ्या. डोक्यातलं भूत लोखंडी कडी सरकवत नाही.

याहून नाजूक कारागिरी जॅक क्लेटनच्या १९६१ च्या 'द इनोसंट्स'मध्ये आहे. हेन्री जेम्सची १८९८ ची दीर्घकथा, दोन पोरकी मुलं, नवी आलेली शिक्षिका, आणि वाड्यात वावरणारे दोन मेलेले नोकर. एडमंड विल्सनने १९३४ मध्ये मांडलं की भुतं नाहीतच, ती बाईच्या दाबून टाकलेल्या मनातून आलीत. विरोधकांचा प्रश्न साधा होता: न पाहिलेल्या माणसाचं वर्णन बाईने असं केलं की घर सांभाळणारीने ऐकताच ओळखलं, हे कसं? आता क्लेटनची चलाखी बघा. त्याने सिनेमात काचेआडून तो चेहरा दिसण्याआधी बाईच्या हाती माळ्यावर त्या माणसाचं छोटं चित्र दिलं. घ्या, वेडाच्या बाजूने एक पुरावा. आणि मग वर्गखोलीत मेलेली बाई टेबलाशी बसून रडताना दिसते, शिक्षिका धावत जाते, खुर्ची रिकामी, पण पाटीवर पाण्याचा एक थेंब. ओला. शिक्षिका बोट लावते. भुताच्या बाजूने दुसरा. डाव्या हाताने जे दिलं ते उजव्या हाताने काढून घेतलं. हा गोंधळ नव्हे, तागडी आहे, आणि ती वजनं मोजून समतोल केलेली आहे. त्यात एकच पारडं उचलून 'बघा, मी अर्थ लावला' म्हणणारा माणूस सिनेमा बघत नाही, तराजू मोडतो. आमच्या गटात हा लावला तेव्हा थेंब दिसला होता दोघांना. थिअऱ्या होत्या सात.

एक आक्षेप मात्र माझ्या गावात उभा राहून टाळता येणार नाही. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचे. १९८९ पासून अंधश्रद्धा निर्मूलन समितीचं काम त्यांनी इथून चालवलं आणि २०१३ मध्ये त्यासाठी जीव गमावला. त्यांच्या गावात बसून 'भूत असेल, नसेलही' असल्या सिनेमांची भलामण करायची? आमच्यातल्याच एका कार्यकर्त्याने विचारलं, आणि त्याचा स्वर चिडका नव्हता, दुखावलेला होता. मी त्याला उलट विचारलं, बुवाच्या दरबारात 'कदाचित' हा शब्द तू कधी ऐकलायस? देवऋषी कधी म्हणतो का, की बाई, तुझ्या अंगात हडळ असेल किंवा तुला औषधाची गरज असेल, दोन्हीकडचे पुरावे सारखेच आहेत? अंधश्रद्धेचा धंदा खात्रीवर चालतो. संशय आला की दुकान बंद. परळी खोऱ्यातल्या माझ्या एका अशिलाला मी विचारलं होतं, चकवा खरंच असतो का हो? तो म्हणाला, "नसंल. पर त्या वड्यानं रातचं जाऊ नगा." नसण्यावरही ठाम नाही, असण्यावरही नाही, आणि पाय मात्र सांभाळून. हे लोक भोळे आहेत असं शहरात म्हणतात. मला तर तो हिशेबाने बोलणारा माणूस वाटला.

धंद्यातली एक गोष्ट सांगतो. परिस्थितिजन्य पुराव्यावर कुणाला दोषी धरायचं तर काय लागतं, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये शरद बिरधीचंद सारडा खटल्यात सांगितलं. खटला पुण्याचा. विवाहितेचा मृत्यू विषाने, खून की आत्महत्या एवढाच प्रश्न. खालच्या दोन्ही कोर्टांनी दोषी धरलेल्या नवऱ्याला वरच्या कोर्टाने सोडलं आणि पाच तत्त्वं घालून दिली, त्यांना निकालातच पंचशील म्हटलंय. त्यातलं मर्म असं की पुरावा तुमच्या म्हणण्याशी जुळतो एवढं पुरेसं नाही, दुसऱ्या कुठल्याही म्हणण्याशी तो जुळत नाही हेही दाखवलं पाहिजे. फॅन थिअरीचा सगळा लंगडेपणा या एका वाक्यात आहे. ती जुळवून दाखवते आणि थांबते. जुळवणं सोपं असतं हो, कुंडली सुद्धा जुळवता येते. आता कुणी म्हणेल, सिनेमा म्हणजे फाशीचा खटला नव्हे, एवढं कडक कशाला? कबूल, शिक्षा कुणाला व्हायची नाही. पण दोन्ही बाजू खऱ्या असू शकतात तेव्हा कोर्ट संशयाचा फायदा आरोपीला देतं. इथे तो सिनेमाला द्यावा, एवढंच मागणं.

'द थिंग'च्या शेवटाकडे येतो, कारण तिथे मी स्वतः तोंडघशी पडलोय. अंटार्क्टिकावरचा तळ जळतोय, मॅकरेडी आणि चाइल्ड्स बर्फात समोरासमोर, एक बाटली. मॅकरेडीच्या तोंडातून वाफ निघते, चाइल्ड्सच्या निघत नाही, किंवा फार थोडी. तस्मात चाइल्ड्स माणूस नाही. दुसरा पक्ष म्हणतो, त्याच्या कानात बाळी आहे, आणि ते जनावर धातूची नक्कल करू शकत नाही, म्हणून तो माणूसच. हा नियम कुठला? २०११ साली निघालेल्या पूर्वकथेतला. १९८२ चा गुन्हा, २०११ चा कायदा. हे पहिल्या तारखेलाच फेटाळलं जाईल. पण वाफेचं मला पटलं होतं. दोन वर्षं मी ते चारचौघांत छातीठोक सांगत होतो.

मग एका जानेवारीत आम्ही चौघे महाबळेश्वरला गेलो. पहाटे वेण्णा तलावाच्या काठी गवतावर दहिवर गोठलेलं, बोटांना गाडीची किल्ली धरवेना. गाडीचे दिवे चालू ठेवून एक जण दिव्यांच्या पुढ्यात, आमच्याकडे तोंड करून उभा राहिला. त्याच्या तोंडातून इंजिनाला लाजवील अशी वाफ. त्याला म्हटलं, आता तू दिव्यांकडे तोंड कर, आम्ही गाडीपाशी येतो. वाफ जवळपास गायब. माणूस तोच, थंडी तीच, फक्त उजेड पाठीमागचा समोर आला. वाफेतले बारीक थेंब मागून येणारा उजेड आपल्याकडे फेकतात, समोरून पडलेला फारसा नाही. चुलीवरच्या आधणाची वाफ खिडकीच्या बाजूने जशी उठून दिसते तशी. माझी दोन वर्षांची थिअरी एका हेडलाइटने निकालात काढली. परत येताना केळघर घाटात कुणी काही बोललं नाही.

हे सगळं मी त्या डबावाल्या इंजिनियरला सांगितलं. त्याचाही जीव वाफेच्या थिअरीवर होता. मी म्हटलं, अट एकच. तुझ्या विरुद्धचं सगळं आधी कागदावर लिही, जुने शास्त्री पूर्वपक्ष लिहायचे तसं, आणि मग तुझं म्हण. तो नाराजच झाला. परवा रात्री अकराला त्याचा फोन.

"काका, तो बेनिंग्ज. बाहेर बर्फात पळतो, सगळे त्याला घेरतात, हात अजून नीट झालेले नसतात. तो तर नक्की माणूस नाही ना?"

"नक्की नाही."

"त्याच्या तोंडातून वाफ येते. मी तीनदा पाहिलं. ओरडतो तेव्हा."

"मग लिही तसं."

"लिहिलं. पण म्हणजे वाफेवरून काहीच कळत नाही. ना चाइल्ड्सचं, ना मॅकरेडीचं." पलीकडे पंख्याचा आवाज येत होता. "मॅकरेडीकडे तर मी आजवर बघितलंच नव्हतं. तो पण असू शकतो?"

"असू शकतो," मी म्हणालो.